नाव शोधू नका, बाळंतपण शोधा

तुमचा प्रश्न मी दोनदा वाचला. थोडक्यात तो असा: जन्म १९८४ चा, घर बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात, नोकरी पुण्यात. ऑस्ट्रेलियाच्या कामासाठी जन्मदाखल्याची अधिकृत नक्कल पाहिजे. गावच्या तलाठ्यानं वही चाळून ‘हितं नाही’ म्हणून सांगितलं. ऑनलाइन स्वतःचं नाव टाकून बघितलं, काही आलं नाही. एका एजंटानं सात हजारांत कोर्टाची ऑर्डर काढून देतो म्हटलंय. आई म्हणते तू बेळगावच्या शहापुरातल्या एका खाजगी दवाखान्यात झालास, मावशी म्हणते छे, आजोळी, महाराष्ट्रातल्या चंदगड तालुक्यात. शाळेच्या दाखल्यावर १ जून १९८४ आहे. आणि शेवटी तुम्ही विचारलंय, नक्कल कुठून काढू?

मी सीमाभागातल्याच एका नगरपालिकेत जनन-मरण विभागात कारकून होतो, तीस वर्षांच्या वर. सुरुवातीची निम्मी वर्षं बोरूबहाद्दर, पुढची संगणकावर. निवृत्त झालो तरी सकाळी चहाला बाहेर पडलो की कोणीतरी प्लास्टिकची पिशवी घेऊन उभं असतंच. त्या अनुभवावरून सांगतो, तुमची अडचण नकलेची नाही. नक्कल काढणं हे या सगळ्यातलं सर्वांत सोपं काम. नोंद कुठल्या हद्दीत झाली आणि कुठल्या नावानं झाली, हे तुम्हाला अजून माहीत नाही, ही खरी अडचण. ते कळलं की नक्कल आपोआप निघते. ते न कळता अर्ज टाकला तर मिळतो तो नकार, आणि तो नकार खरा असतोच असं नाही.

आधी हद्दीचं बघू. जन्माची नोंद आई-वडील राहतात तिथं होत नाही, जन्म झाला तिथं होते. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात हे अगदी स्पष्ट आहे. पण आपल्या लोकांच्या डोक्यात ‘गाव’ म्हणजे वडिलांचं गाव. पहिलं बाळंतपण माहेरी करायची आपली रीत, आणि बेळगाव-खानापूरकडच्या निम्म्या सुनांची माहेरं चंदगड, गडहिंग्लज, आजऱ्याकडं. त्यामुळं बाप कर्नाटकातला, शाळा कर्नाटकातली, मतदार यादी कर्नाटकातली आणि जन्माची वही महाराष्ट्रातल्या एखाद्या ग्रामपंचायतीच्या कपाटात, असं आमच्याकडं दर आठवड्याला एखादं निघायचं. तुमचा तलाठी खोटं बोललेला नाही. त्याच्या वहीत तुम्ही असण्याचं कारणच नाही. आई आणि मावशी दोघींपैकी कोणीही बरोबर असली तरी खानापूर तालुक्यातल्या तुमच्या गावात नोंद होत नाही.

आता दोघींत कोण बरोबर? इथं प्रश्न नीट विचारायला पाहिजे. ‘मी कुठं जन्मलो’ असं विचारलं की बाई कळांची आठवण सांगते, नाहीतर पाचवीची, बारशाची. कळा आजोळी आल्या असतील, रात्री जीपगाडीतून शहापुरात आणलं असेल, पुढचा सव्वा महिना पुन्हा आजोळी गेला असेल. मग आईही खरी आणि मावशीही खरी. विचारायचं ते एवढंच, की नाळ कुठं कापली. सुईणीनं घरी, की नर्सबाईनं दवाखान्यात? ज्या हद्दीत नाळ तुटली, ती हद्द तुमची. हा प्रश्न मी खिडकीतून बाहेर डोकं काढून कितीतरी आज्ज्यांना विचारलाय. लाजतात थोड्या, पण उत्तर पक्कं देतात. नाळ सहसा कोणी विसरत नाही.

उत्तर शहापूर आलं तर नोंद बेळगाव महापालिकेच्या वहीत असायला पाहिजे, कारण खाजगी दवाखान्यानं तिकडं कळवायचं असतं. दवाखाना पुढं बंद पडला असेल तरी बिघडत नाही, वही महापालिकेची असते. पण बेळगावात आणखी एक खोच आहे. लष्करी कॅम्पातला जन्म असेल तर ती नोंद महापालिकेकडं नसते, कॅन्टोन्मेंट बोर्डाकडं असते. आणि शहराला चिकटलेल्या हिंडलगा, कंग्राळीसारख्या गावात घरी बाळंतपण झालं असेल तर ‘बेळगावात झाला’ असं सगळं जग म्हणतं, वही मात्र त्या गावाची. तेव्हा दवाखान्याचं नाव नसलं तरी गल्ली, चौक, जवळचं देऊळ, काहीतरी आईकडून काढून घ्या.

उत्तर चंदगड तालुका आलं तर मात्र बेळगावातलं कुठलंही कार्यालय काही करू शकत नाही, आणि एजंट तर मुळीच नाही. त्या गावच्या ग्रामपंचायतीत जायचं. महाराष्ट्रात खेड्यातला निबंधक म्हणजे ग्रामसेवक, हल्ली त्याला ग्रामपंचायत अधिकारी म्हणतात. तिथं नसेल तर तालुक्याच्या अभिलेख कक्षात विचारायचं. जाता जाता एक गंमत, वडीलधाऱ्यांच्या दाखल्यासाठी कामी येणारी: १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत चंदगड तालुका बेळगाव जिल्ह्यातच होता आणि सगळा जिल्हा मुंबई राज्यात. राज्य पुनर्रचनेत चंदगड वगळून उरलेला बेळगाव जिल्हा म्हैसूर राज्यात गेला, चंदगड मुंबई राज्यातच राहिलं. त्यामुळं एखाद्या काकांच्या जुन्या उताऱ्यावर ‘तालुका चंदगड, जिल्हा बेळगाव’ असं दिसलं तर कारकुनाची चूक समजून दुरुस्तीला पळू नका. त्या तारखेला ते बरोबरच होतं. तसंच, १ नोव्हेंबर २०१४ पासून अधिकृत नाव बेळगावी झालं. पासपोर्टवर जुनं नाव आणि दाखल्यावर नवीन, हा फरक चुकीत मोडत नाही.

आता नावाकडं येतो, कारण तुमचा ऑनलाइन शोध इथंच फसलाय.

तुम्ही तुमचं नाव टाकलं. पण १९८४ साली जन्माची खबर वहीत चढली तेव्हा तुमचं नावच नव्हतं! बारसं बाराव्या दिवशी, दवाखान्याचा कागद त्याच्या आधी निघालेला. बारसं लांबलं, कोणाचं सुतक आलं, आत्या वेळेवर आली नाही, तर महिनाही जातो. वहीतल्या नावाच्या रकान्यात एकतर रेघ असते, नाहीतर ‘गंडु मगु’ असं असतं, म्हणजे कन्नडमध्ये पुरुष मूल. मुलगी असेल तर ‘हेण्णु’. नंतर आई-वडिलांनी येऊन नाव घालून घ्यायचं असतं, ते आमच्या काळी दहातले दोघे-तिघे करायचे. बाकीच्यांना शाळेत नाव घातलं म्हणजे झालं असं वाटायचं. म्हणून मी लोकांना सांगतो, ती नोंद तुमची नाही हो, ती तुमच्या आईच्या बाळंतपणाची आहे. स्वतःला शोधू नका, तिला शोधा. तुम्हाला माझ्या उत्तरातलं एकच वाक्य घ्यायचं असेल तर हे घ्या.

तिला शोधतानाही एक भानगड. आई माहेरची कोण आणि सासरची कोण? लग्नात नाव बदलायची चाल. माहेरी सुमन, सासरी लक्ष्मी. दवाखान्यात मामानं नाव सांगितलं असेल तर त्याच्या तोंडी सुमनच येणार. कधी नाव माहेरचं, आडनाव सासरचं. एकदा तर बाईच्या नावापुढं वडिलांच्या जागी तिच्या भावाचं नाव चढलेलं मी बघितलंय, कारण खबर देणारा तोच आणि लिहिणारा घाईत. म्हणून अर्जात आईची दोन्ही नावं लिहायची, वडिलांचं पूर्ण नाव लिहायचं, आजोळच्या आजोबांचंही लिहायचं. कितवं अपत्य तेही लिहायचं. अपत्याचा क्रमांक बाळंतपणाच्या खबरीत असतो आणि चारपाच सारख्या नावांतून तुमचं कुटुंब वेगळं काढायला तोच कामाला येतो. आपल्याकडं मारुती पाटील आणि परशराम पाटील काही कमी नाहीत.

लिपीचंही ध्यानात ठेवा. मराठी नाव कानावर ऐकून कन्नडमध्ये लिहिलं, मग तीस वर्षांनी कोणी ऑपरेटरनं कन्नडवरून इंग्रजीत टाइप केलं. पाटीलचं ‘पाटीला’ होतं, भरतचं ‘बरत’, विठ्ठलचं ‘विठल’. सविताच्या इंग्रजी स्पेलिंगात ‘टी’च्या पुढं दक्षिणेच्या पद्धतीनं ‘एच’ येऊन बसतो. लक्ष्मी तर ‘एक्स’नं लिहितात आणि ‘केएस’नंही. ऑनलाइन शोध अक्षराला अक्षर जुळवतो, त्याला हे काय कळणार. शिवाय जुन्या वह्या संगणकात चढवायचं काम सगळीकडं सारखं झालेलं नाही. कर्नाटकाचं ई-जन्म असो की दुसरं कुठलं पोर्टल, तिथं दिसलं नाही म्हणजे वहीत नाही, असा अर्थ काढू नका.

तिसरी गोष्ट तारखेची. १ जून ही तुमची जन्मतारीख असण्याची शक्यता मला कमीच वाटते. शाळा जूनमध्ये उघडायची, मास्तर पोराचा हात डोक्यावरून कानाला लागतो का बघायचे आणि १ जून टाकून मोकळे व्हायचे. आपल्या पिढीत एक जूनवाल्यांची एक जातच आहे. तुम्ही लिहिलंय की आईच्या सांगण्याप्रमाणं वडगावच्या मंगाईची यात्रा नुकतीच झालेली. ही माहिती शाळेच्या दाखल्यापेक्षा जास्त मोलाची आहे. मंगाईची यात्रा आषाढातली. १९८४ चा आषाढ जूनच्या अगदी अखेरीला लागून जुलैच्या अखेरीला संपला. म्हणजे आई बरोबर असेल तर तुम्ही जुलैतले नाहीतर ऑगस्टच्या सुरुवातीचे. आम्ही असंच करायचो. कोण म्हणायचं सौंदत्तीच्या यल्लम्माला गाड्या गेलेल्या, की मार्गशीर्षाची पुनव धरायची. कोण म्हणायचं इंदिरा गांधी गेल्या त्याच्या दुसऱ्या दिवशी, की १ नोव्हेंबर १९८४, पंचांग नको की काही नको.

वहीचा क्रम जन्मतारखेनं नसतो, नोंद केली त्या तारखेनं असतो, हेही लक्षात असू द्या. जुलैचा जन्म ऑगस्टच्या पानात, कधी सप्टेंबरच्याही. डिसेंबरचा जन्म पुढच्या वर्षाच्या वहीत, हे तर इतक्यांदा व्हायचं, की नवीन कारकुनाला मी पहिल्या दिवशी तेवढंच शिकवायचो. म्हणून अर्जात तारीख न देता पट्टा द्या: १ जून १९८४ ते ३१ मार्च १९८५. शोधाची फी वर्षाच्या हिशोबानं लागते, दोन वर्षांची भरा. सरकारी फी किरकोळ असते, हजारांत मोजायची नसते, तेव्हा तिथं काटकसर नको. आणि वर्षाबद्दलच शंका असेल, थोरल्या बहिणीत आणि तुमच्यात अंतर जुळत नसेल, तर १९८३ चीही भरा.

अर्ज असा करा: ‘अमुक आणि अमुक या दांपत्याच्या अमुक क्रमांकाच्या अपत्याचा, पुरुष, जन्म अमुक ठिकाणी वरील मुदतीत झाला असून नोंदीत मुलाचं नाव नसण्याची शक्यता आहे. आईच्या दोन्ही नावांनी रजिस्टर तपासून, नोंद मिळाल्यास तिची प्रमाणित नक्कल द्यावी, न मिळाल्यास नोंद नसल्याचा लेखी दाखला द्यावा.’ ही शेवटची ओळ गाळू नका. तिच्यावर मी पुन्हा येणार आहे.

हा अर्ज कन्नडमध्ये नाहीतर इंग्रजीत द्या. यावर तुमचं मन दुखावेल, माझंही दुखावतं. तक्रारीचं निवेदन देशात किंवा राज्यात वापरात असलेल्या कुठल्याही भाषेत द्यायचा हक्क घटनेच्या ३५० व्या कलमात आहे, आणि तो कुठं मागायचा तिथं मागायलाच पाहिजे. पण शोधाच्या खिडकीवर नाही. तिथला पोरगा १९५६ साली जन्मलेला नव्हता, त्याला फक्त वही आणि तुमचा कागद जुळवून बघायचाय. कागद वहीच्या लिपीत असला तर तो लवकर जुळवतो, एवढाच हिशोब. आणि घाबरायचंही कारण नाही. अर्जी, नोंदणी, तारीख, तहसीलदार, हे शब्द दोन्हीकडं सारखेच. नकलेला ते ‘नकलु’ म्हणतात. १९५६ च्या आधीची नोंद शोधायची असेल तर उलटा प्रकार होतो, वहीत मराठी अक्षर निघतं आणि नव्या कारकुनाला ते लागत नाही. मग आपणच शेजारी उभं राहून वाचून दाखवायचं. तेव्हा घरातलं एक जाणतं माणूस बरोबर असावं.

तुम्ही स्वतः पुण्याहून यायलाच पाहिजे असं नाही. कायद्याच्या १७ व्या कलमाप्रमाणं फी भरून शोध कोणालाही मागता येतो. प्रत्यक्षात खिडकीवर ‘तुम्ही कोण’ विचारतातच, म्हणून भाऊ किंवा आई जात असेल तर तुमच्या सहीचं पत्र आणि आधारची झेरॉक्स द्या. आई गेली तर उत्तम. ती समोर असली की शोध घेणाऱ्याचाही जीव लागतो, हे खरं सांगतो.

अर्ज दिल्यावर पोच घ्या. कर्नाटकात सेवा मुदतीत द्यायचा २०११ चा कायदा आहे, ‘सकाल’ नावाचा. सकाल म्हणजे वेळेवर. आमच्यात त्याला सगळे ‘सकाळ’ म्हणतात आणि संध्याकाळी येतात, असा एक जुना विनोद आमच्या विभागात होता. त्या कायद्याखाली अर्जाला क्रमांक मिळतो. तो मिळाला की तुमचा कागद टेबलाच्या कप्प्यात राहत नाही, मुदतीचा हिशोब सुरू होतो. क्रमांक नसला तर ‘उद्या या’ला अंत नाही.

समजा, नोंद मिळाली. इथं लोक आनंदात पहिली चूक करतात, छापलेला कागद घडी घालून खिशात घालतात. थांबा. सही व्हायच्या आधी वाचा. दाखला कन्नड आणि इंग्रजी दोन्हीत असतो. इंग्रजी ओळ पासपोर्टशी अक्षरन् अक्षर ताडून बघा. फरक असेल तर एकच प्रश्न विचारायचा: मूळ वहीत काय आहे? वहीत बरोबर आणि संगणकात चूक असेल तर ती टायपिंगची चूक, वही दाखवून नीट करून घेता येते. वहीतच चूक असेल तर १५ व्या कलमाखाली दुरुस्ती. तिला तुमचं निवेदन आणि प्रकरणाची माहिती असलेल्या दोन भरवशाच्या माणसांचं म्हणणं लागतं. मूळ अक्षर कोणी खोडत नाही, बाजूला समासात दुरुस्ती लिहून सही करतात. कोणी खोडून, पांढरं लावून देतो म्हणाला तर तो कागद घेऊ नका. पडताळणीला वही उघडली की सगळंच नासतं.

वहीत नाव कोरं असेल तर? पहिल्या १२ महिन्यांत नाव फुकट घालता येतं, पुढं १५ वर्षांपर्यंत विलंब फी भरून. तुमची १५ वर्षं कधीच उलटली. अशांसाठी सरकार मधूनमधून मुदतवाढ देत आलंय. अर्ज करता त्या दिवशी तशी सवलत चालू आहे का, हे त्या-त्या कार्यालयात विचारा, कारण यावरच तुमचं पुढचं सगळं अवलंबून. सवलत नसली तरी कोरा दाखला फेकून देऊ नका. आई-वडिलांची नावं, ठिकाण, तारीख त्यात आहेच. शाळेचा दाखला आणि ‘तो मीच’ असं प्रतिज्ञापत्र त्याला जोडून काम भागतं का, हे मागणाऱ्या कार्यालयाला लेखी विचारा. काही ठिकाणी भागतं, काही ठिकाणी नाही.

तारखेचं सगळ्यांत नाजूक. वहीत २४ जुलै निघाली आणि शाळेत, पासपोर्टवर, पॅनवर सगळीकडं १ जून, तर तुमची पहिली इच्छा होईल वहीतली तारीख १ जून करून घ्यायची. करू नका. १५ वं कलम वहीतली चूक सुधारायला आहे, खऱ्या तारखेला खोटीच्या मापानं कापायला नाही. असे अर्ज माझ्याकडं रग्गड आले आणि मी ते परत केले. काही लोक अजून माझ्याशी बोलत नाहीत. अशा वेळी दोन तारखा का पडल्या ते सरळ लिहून द्यायचं, प्रतिज्ञापत्र करायचं, आणि बाकी कागद कुठले बदलायचे ते वकिलाच्या सल्ल्यानं ठरवायचं. तुमच्या जागी मी असतो तर परदेशच्या अर्जात कुठलीही तारीख लिहिण्याआधी ही वही उघडून घेतली असती.

आता नोंद मिळालीच नाही तर. तोंडी ‘नाही’ घेऊन परत येऊ नका. नोंद उपलब्ध नसल्याचा दाखला असतो, नमुना क्रमांक १०, तो मागून घ्या. मघाची अर्जातली शेवटची ओळ त्यासाठीच. त्यावर कुठल्या वर्षांचा शोध घेतला ते लिहिलेलं असतं, तेवढं नीट बघा. फक्त १९८४ लिहिलं असेल आणि तुम्ही दोन वर्षांची फी भरली असेल तर तिथंच विचारा. आणि दोन्ही ठिकाणचा, शहापूरचा आणि चंदगडकडचा, असे दोन दाखले हातात येईपर्यंत पुढं पाऊल टाकू नका.

का, ते सांगतो. एका गृहस्थांनी शोध न घेताच ऑर्डर काढून नवी नोंद करून घेतली, शाळेच्या तारखेनं, गावच्या पत्त्यावर. सहा वर्षांनी त्यांच्या बहिणीच्या दाखल्याच्या निमित्तानं शहराची जुनी वही उघडली तर ह्यांची मूळ नोंद तिथं स्वच्छ अक्षरात बसलेली, दुसऱ्या तारखेची. एका माणसाचे दोन जन्म! कुठला रद्द करायचा, त्यासाठी धावपळ, तोवर ज्या कामासाठी दाखला काढला ते काम अडकलं. माणूस सरळ होता, फसवायचं मनात नव्हतं. पण कागद बघणाऱ्याला मन दिसत नाही.

तुमच्या एजंटाबद्दलही इथंच बोलतो. एक वर्षानंतरची उशिराची नोंद पूर्वी प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांच्या आदेशानं व्हायची, म्हणून ‘कोर्टाची ऑर्डर’ हा शब्द लोकांच्या तोंडात बसलाय. २०२३ च्या दुरुस्तीनंतर, म्हणजे १ ऑक्टोबर २०२३ पासून, तो अधिकार जिल्हा दंडाधिकारी, उपविभागीय दंडाधिकारी किंवा त्यांनी नेमलेल्या कार्यकारी दंडाधिकाऱ्यांकडं आलाय. आपल्या भाषेत डीसी (डेप्युटी कमिशनर) ऑफिस, एसी (असिस्टंट कमिशनर) ऑफिस. निपाणी-चिकोडीकडच्यांना चिकोडीला जावं लागेल, बेळगावच्यांना बेळगावला. जन्म चंदगडकडचा ठरला तर अर्ज महाराष्ट्रातच, आणि तिथं २०२५ पासून उशिराच्या नोंदींची तपासणी बरीच कडक झालीय, हे धरून चला. जो एजंट अजून कोर्टाच्या गोष्टी सांगतोय त्याला एकतर कायदा बदललेला ठाऊक नाही, नाहीतर तुम्हाला ठाऊक नाही हे त्याला ठाऊक आहे. आणि त्यानं तुम्हाला नाळेचं एक अक्षर विचारलं नाही, हे माझ्या दृष्टीनं पुरेसं आहे.

तुम्ही आणखी एक विचारलंय, की आईच्या ट्रंकेतल्या जुन्या दाखल्याची झेरॉक्स नोटरी करून चालेल का. शिक्का कितीही गोल असला तरी ती झेरॉक्सच. प्रमाणित नक्कल म्हणजे निबंधकानं वहीवरून दिलेली, तीच पुराव्यात धरली जाते. पण ती झेरॉक्स आहे कसली? तुम्ही लिहिलंय ‘फाटका कन्नड कागद’. तो जनन प्रमाणपत्राचा असेल तर वरच्या बाजूला नोंदणी क्रमांक आणि नोंदणीची तारीख असणार. तेवढे दोन आकडे वाचता आले तर मी वर लिहिलेलं निम्मं तुम्हाला लागणारच नाही, सरळ त्या क्रमांकानं पान उघडतं. तो लसीकरणाचा किंवा दवाखान्यातून सोडल्याचा कागद असेल तरी हद्द त्यावरून ठरेल.

आणि हे विचारायला हवं होतं ते मी शेवटी विचारतोय: दाखला नेमका मागितलाय कुणी? भारतीय पासपोर्टला म्हणत असाल तर १ ऑक्टोबर २०२३ च्या आधी जन्मलेल्यांना जन्मतारखेसाठी शाळेचा दाखला, पॅन, वाहन परवाना असे दुसरे पुरावे चालतात. त्या तारखेपासून पुढं जन्मलेल्या लेकरांना मात्र जन्मदाखलाच लागतो. घरात तसं लहान मूल असेल तर त्याचं नाव आजच वहीत घालून घ्या, माझ्यासारख्याला शोधत बसायला नको. परदेशच्या कामाला मात्र ते काय मागतात तेच द्यावं लागतं, आणि नोंद नसल्याचा दाखला, जोडीला इतर पुरावे, हे त्यांना चालतं का हे त्यांच्याकडूनच लेखी घ्यायचं.

तेव्हा आधी रविवारी आईला फोन करा. नाळ कुठं कापली, दवाखाना कुठल्या गल्लीत, माहेरचं नाव काय, खबर कोण द्यायला गेलं होतं. मामा हयात असतील तर त्यांनाही विचारा, बहुतेक तेच गेले असतील. आणि त्या फाटक्या कागदाचा वरचा कोपरा उजेडात धरून फोटो काढायला सांगा. त्यावर काय निघतं ते इथंच लिहा, म्हणजे शहापूर की चंदगड, हे आपण ठरवू.